नोकरी न सोडलेला रॅपर: ब्राउन्सव्हिलच्या ‘का’चं प्रकरण

2008 साली न्यूयॉर्कच्या अग्निशमन दलात नोकरी करणाऱ्या, पस्तिशी गाठलेल्या एका माणसाने पदरमोड करून एक रॅप अल्बम काढला. मागे लेबल (म्हणजे रेकॉर्ड कंपनी) नाही, मॅनेजर नाही, दुकानांत माल पोचवणारा वितरक नाही. अल्बमचं नाव ‘आयर्न वर्क्स’. विकण्यापेक्षा ओळखीपाळखीत वाटण्यातच बऱ्याच प्रती गेल्या. मनात अडकून राहिलेलं एक काम नीट करून हातावेगळं करावं, एवढाच साधारण इरादा होता. ते हातावेगळं झालं नाही. पुढच्या सोळा वर्षांत त्याने अल्बममागून अल्बम काढले, सगळे स्वतःच. ऑक्टोबर 2024 मध्ये तो अचानक गेला तेव्हा घरच्यांनी काढलेल्या निवेदनात स्वतः प्रकाशित केलेल्या एकल अल्बमांचा आकडा अकरा दिला होता. त्याच निवेदनात दलातली वीस वर्षांची सेवा आणि कॅप्टनचा हुद्दाही होता.

त्याचं नाव केसीम रायन. रॅपमध्ये तो ‘का’ या नावाने ओळखला जायचा. वाचायला सोपं जावं म्हणून पुढे रायनच म्हणतो.

स्वतंत्र कलाकाराची गोष्ट सांगायची एक ठरलेली चाल आहे. नोकरीवर लाथ मारली, उपाशीतापाशी राहिला, आणि एक दिवस जग दारात आलं. रायनच्या बाबतीत यातलं काहीच घडलं नाही. त्याने नोकरी धरून ठेवली. माझ्या मते त्याच्या संगीताचा आवाज, विषय, वेग आणि विक्रीची पद्धत या चारही गोष्टी त्या एका निर्णयातून निघाल्या. म्हणून हे प्रकरण कौतुकाच्या अंगाने न बघता हिशेबाच्या अंगाने बघू.

पहिली फेरी

रायनचा जन्म 1972 चा, ब्रुकलिनच्या ब्राउन्सव्हिलमधला. सरकारी घरांच्या उंच इमारतींची गर्दी, शहरातल्या सगळ्यात गरीब वस्त्यांपैकी एक, आणि त्याच्या वाढत्या वयात, म्हणजे ऐंशीच्या दशकात, क्रॅक कोकेनने पोखरलेली. त्याची गाणी शेवटपर्यंत याच काही गल्ल्यांमध्ये फिरत राहिली.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला तो ‘नॅचरल एलिमेंट्स’ या गटात होता. तेव्हाच्या न्यूयॉर्कमध्ये अंडरग्राउंडची, म्हणजे मोठ्या कंपन्यांबाहेरच्या रॅपची, स्वतःची एक बाजारपेठ होती. बारा इंची सिंगल (एखाद-दुसऱ्या गाण्याची रेकॉर्ड) छापायची, फॅट बीट्ससारख्या दुकानात ठेवायची, आणि कोलंबिया विद्यापीठाच्या रेडिओवर स्ट्रेच आणि बॉबिटो यांच्या मध्यरात्रीनंतरच्या कार्यक्रमात ती एकदा तरी वाजावी म्हणून देव पाण्यात घालून बसायचं. तिथे शब्दांच्या करामतीवर माणूस तोलला जायचा. रायनला गटातल्या बाकीच्यांपुढे आपण कमी पडतो असं वाटलं आणि तो बाहेर पडला. मग केव नावाच्या मित्राबरोबर ‘नाइटब्रीड’ ही जोडी केली. दशक संपता संपता त्यांची एक बारा इंची रेकॉर्ड आली, आणि गाडी तिथेच थांबली.

या टप्प्याबद्दल फार हळहळण्याचं कारण नाही. त्या काळातले असे शेकडो गट एकेक रेकॉर्ड काढून विरले. फरक पडला तो पुढच्या दहा वर्षांत. त्या काळात रायनकडे श्रोते नव्हते, पण पगार होता.

पगाराचं गणित

न्यूयॉर्कचं अग्निशमन दल ही परीक्षेची नोकरी आहे. फायरफायटर, मग लेफ्टनंट, मग कॅप्टन, प्रत्येक बढतीला लेखी परीक्षा. रायन भरती झाला त्या काळातल्या लोकांना वीस वर्षं भरली की साधारण निम्म्या पगाराचं निवृत्तिवेतन मिळायचं. ड्युट्यांची अदलाबदल करून सलग चोवीस तास भरायचे आणि पुढचे काही दिवस मोकळे मिळवायचे, ही तिथली रुळलेली पद्धत. घरी बसून ओळी घासणाऱ्याला अशी नोकरी नऊ ते सहाच्या ऑफिसपेक्षा नक्कीच सोयीची.

ती सोपी मात्र अजिबात नाही. 11 सप्टेंबर 2001 ला वर्ल्ड ट्रेड सेंटरवर धावून गेलेल्यांत रायन होता. त्या एका दिवसात दलाची 343 माणसं गेली. एवढं अनुभवलेला माणूस, पण गाण्यांत त्याने या नोकरीचं भांडवल केलं नाही. ‘आग विझवणारा रॅपर’ अशी पाटी लावून सहज खपता आलं असतं. त्याने ती पाटी लावली नाही.

आता पैशाकडे येऊ. खालचे आकडे त्याच्या वहीतले नाहीत, कल्पना यावी म्हणून धरलेले आहेत. समजा, एका कलाकाराचे हजार पक्के श्रोते आहेत आणि प्रत्येक जण अल्बमला वीस डॉलर देतो. झाले वीस हजार डॉलर. त्यातून छपाई, पाकिटं, टपाल, मास्टरिंग (ध्वनिमुद्रणावरचा शेवटचा हात) वजा करा. उरलेल्या पैशात न्यूयॉर्कमध्ये वर्षभराचं घरभाडंही निघणं कठीण. पण पुढचा अल्बम आरामात निघतो. म्हणजे हजार श्रोते माणसाला जगवू शकत नसले तरी त्याच्या कलेला जगवू शकतात. संगीतावर पोट असणाऱ्याला हे हजार पुरत नाहीत. त्याला दहा हजार, पन्नास हजार लागतात, आणि तेवढे मिळवायला गाणं कुठे तरी वाकवावं लागतं. रायनला ते हजार पुरत होते.

लेबलचा मार्ग घेतला असता तर? तिथे आधी उचल मिळते, मग रेकॉर्डिंगपासून व्हिडिओपर्यंतचा बराचसा खर्च कलाकाराच्या खात्यावर चढतो, आणि तो फिटेपर्यंत रॉयल्टी हातात पडत नाही. मास्टर रेकॉर्डिंगची, म्हणजे मूळ ध्वनिमुद्रणाची, मालकी बहुतेक वेळा लेबलकडे. ज्याला महिन्याच्या महिन्याला पगार येतो त्याला ही उचल घ्यायचं कारणच उरत नाही.

मराठी प्रायोगिक रंगभूमीवरच्या एका अख्ख्या पिढीने बँकेतली किंवा विम्यातली नोकरी सांभाळून संध्याकाळी तालमी केल्या, त्यामुळे आपल्याला हे नवीन वाटू नये. तरीही ‘हौशी’ हा शिक्का त्यांच्यावर बसलाच. रॅपच्या जगात तर नोकरी ही लपवायची गोष्ट. रायनने ती लपवली नाही आणि मिरवलीही नाही.

हळू बोलणारा माणूस

‘आयर्न वर्क्स’ची एक प्रत वू-टँग क्लॅन या न्यूयॉर्कच्या गाजलेल्या रॅप गटातल्या जीझाच्या कानापर्यंत पोचली, आणि त्याच वर्षी आलेल्या त्याच्या ‘प्रो टूल्स’ अल्बममधल्या ‘फायरहाउस’ या गाण्यात रायनला जागा मिळाली. दोन वर्षांनी रॅपर रॉक मार्सियानोच्या ‘मार्कबर्ग’ या अल्बमवर तो पुन्हा दिसला. बाहेरून मिळालेला मोठा टेकू म्हणाल तर एवढाच. बाकीचं काम 2012 च्या ‘ग्रीफ पेडिग्री’पासून सुरू झालं.

हा अल्बम पहिल्यांदा ऐकणारा बुचकळ्यात पडतो. ड्रम जवळजवळ नाहीतच. जुन्या रेकॉर्डमधला एखादा तुकडा, गिटारची दोन वळणं किंवा ऑर्गनची एक ओळ, पुन्हा पुन्हा फिरत राहते आणि तिच्यावर रायन खरखरीत, दबक्या आवाजात, जवळजवळ कानाशी बोलल्यासारखा बोलत राहतो. ठेक्याशिवाय रॅप म्हणजे काय, असा प्रश्न पडणाऱ्यांना सांगायचं तर ठेका त्याच्या शब्दांत असतो. एका ओळीत चार-पाच ठिकाणी यमकं जुळतात, आणि दुहेरी अर्थ तर तिसऱ्या-चौथ्या ऐकण्यात सापडतात. रॉक मार्सियानो आणि रायन यांनी या काळात रुजवलेली ही बिनड्रमची रीत पुढच्या दहा वर्षांत अमेरिकन अंडरग्राउंडमध्ये इतकी पसरली की आज ती नवी वाटतही नाही.

क्लबमध्ये यावर कुणी नाचणार नाही. मोटारीत मोठ्याने लावून फिरण्याजोगंही हे नाही. रेडिओचा तर प्रश्नच नाही. दर महिन्याचं भाडं ज्याच्या डोक्यावर आहे तो माणूस असा आवाज निवडायला धजत नाही, आणि निवडला तरी पुढच्या अल्बममध्ये एक-दोन ‘चालणारी’ गाणी घालून तोल सावरतो. रायनने तो तोल कधीच सावरला नाही. उलट तो अल्बमागणिक जास्तच आत शिरत गेला.

त्याची दुसरी सवय म्हणजे प्रत्येक अल्बमला एकच चौकट. ‘द नाइट्स गॅम्बिट’ (2013) बुद्धिबळाभोवती आहे. निर्माता प्रिझर्वेशनबरोबर केलेल्या ‘डेज विथ डॉक्टर येन लो’ (2015) मध्ये बुद्धिभेद आणि स्मृती हा धागा, आणि गाण्यांना नावं नाहीत, फक्त दिवसांचे क्रमांक. ‘ऑनर किल्ड द सामुराय’ (2016) मध्ये जपानी योद्ध्यांची आचारसंहिता. अ‍ॅनिमॉस या निर्मात्याबरोबरच्या 2018 च्या अल्बममध्ये ग्रीक पुराणं. ‘डिसेंडंट्स ऑफ केन’ (2020) मध्ये बायबलमधला भावाने केलेला भावाचा खून. चौकट कुठलीही असो, आत ब्राउन्सव्हिलच असतं. भावाने भावाला मारणं ही त्याच्यासाठी लहानपणच्या जिन्याखालची गोष्ट होती, बायबल तिला फक्त नाव देतं.

मला स्वतःला 2015 चा अल्बम सगळ्यात पक्का वाटतो, पण कुणाला पहिल्यांदा ऐकवायचं तर ‘डिसेंडंट्स ऑफ केन’ द्यावा. त्याचं शेवटचं गाणं बायको, आई आणि तो जुना जोडीदार केव या तिघांसाठी आहे. एवढा वेळ दात ओठ खाऊन बोलणारा माणूस तिथे एकदम मोकळा होतो.

बीट, म्हणजे शब्दांमागचं संगीत, तेही बरंचसं त्याचं स्वतःचंच. कित्येक व्हिडिओ त्याने स्वतःच दिग्दर्शित केले, बहुतेक त्याच रस्त्यांवर आणि कमीत कमी सामानात. खर्च वाचतो हे झालंच. पण कुणाची तारीख मिळत नाही म्हणून काम अडलं, असंही होत नाही. ज्याची सुट्टी ड्युटीच्या तक्त्यावर ठरते त्याच्यासाठी हा मुद्दा पैशापेक्षा मोठा आहे.

पदपथावरचं दुकान

फॅट बीट्सचं ग्रिनिच व्हिलेजमधलं सहाव्या अ‍ॅव्हेन्यूवरचं दुकान सप्टेंबर 2010 मध्ये बंद झालं. न्यूयॉर्कच्या अंडरग्राउंडचं ते नाक्यावरचं ठिकाण होतं. रायनने त्या बंद दुकानाबाहेरच रेकॉर्ड विकायला सुरुवात केली. ट्विटरवर आधी कळवायचं की अमुक वेळी तिथे उभा आहे, आणि मग खरोखर पदपथावर उभं राहून स्वतःच्या हाताने अल्बम द्यायचा, घटकाभर बोलायचं. बाहेरगावच्या लोकांसाठी त्याचं स्वतःचं संकेतस्थळ होतं. पुढच्या काळात नवा अल्बम आधी तिथे विकत मिळायचा आणि स्ट्रीमिंगवर नंतर यायचा.

याला साधेपणा म्हणून टाळ्या वाजवणं सोपं आहे. पण त्यात धंद्याची पक्की अक्कल आहे. स्ट्रीमिंगवर एका ऐकण्यामागे सेंटच्या एक तृतीयांश ते अर्ध्यापर्यंत रक्कम धरतात. म्हणजे वीस डॉलरच्या एका थेट विक्रीइतके पैसे यायला गाणं चार ते सहा हजार वेळा वाजावं लागतं. शिवाय त्यातला काही वाटा मधले लोक घेतात. रायनचा श्रोता एकच अल्बम महिनोन्‌महिने उलगडत बसणारा. असा श्रोता संख्येने थोडा असतो पण खिशात हात घालायला तयार असतो. स्ट्रीमिंगचं गणित मात्र थोड्या लोकांच्या खोल आवडीला फारशी किंमत देत नाही.

त्याच काळात इतरांनी वेगळे प्रयोग केले. लॉस एंजेलिसचा रॅपर निप्सी हसल याने 2013 मध्ये ‘क्रेनशॉ’ हा मिक्सटेप इंटरनेटवर फुकट ठेवला आणि त्याच्या हजार छापील प्रती प्रत्येकी शंभर डॉलरला विकल्या. जे-झीने एकट्याने शंभर घेतल्या. माक-होमी या रॅपरने तर एका अल्बमची किंमत तीनशे डॉलर ठेवली. दुर्मीळपणा हाच माल, असा तो विचार. रायनने दुर्मीळपणा विकला नाही. साध्या भावात, पण थेट. हसल आणि माक-होमी यांचा मार्ग चुकीचा होता असं नाही. ज्याचं पोट त्यावर आहे त्याला भाव चढवावाच लागतो. रायनला भाव साधा ठेवणं परवडत होतं, आणि पुन्हा कारण तेच: महिन्याचा पगार.

कार्यक्रम त्याने फार थोडे केले. अमेरिकेतल्या अंडरग्राउंड रॅपरचं उत्पन्न मुख्यतः दौऱ्यांतून आणि टी-शर्टांतून येतं, हे लक्षात घेतलं तर नोकरीने त्याच्याकडून केवढं काढून घेतलं तेही कळतं.

ऑगस्ट 2016

‘ऑनर किल्ड द सामुराय’ आल्यावर थोड्याच दिवसांत ‘न्यूयॉर्क पोस्ट’ने रायनला पहिल्या पानावर घेतलं. सूर असा की शहराचा पगार खाणारा अग्निशमन दलाचा कॅप्टन फावल्या वेळात पोलिसांविरुद्ध रॅप करतो. गाण्यांतल्या ओळी संदर्भातून उचलून शेजारी मांडल्या होत्या. त्या उन्हाळ्यात अमेरिकेत पोलीस आणि कृष्णवर्णीय समाज यांच्यातला ताण टोकाला गेलेला होता, त्यामुळे बातमी कुठे लागेल हे छापणाऱ्यांना नीट माहीत असणार.

संगीतक्षेत्रातले आणि समीक्षेतले बरेच लोक त्याच्या बाजूने उभे राहिले. त्याने स्वतः मात्र मोहीम उघडली नाही. नोकरी राहिली, संगीतही राहिलं. अमेरिकेत सरकारी नोकराने नागरिक म्हणून सार्वजनिक प्रश्नावर बोलण्याला सर्वोच्च न्यायालयाच्या 1968 च्या पिकरिंग निकालापासून काही संरक्षण आहे. पण ते प्रत्येक वेळी तोलून बघितलं जातं. आपल्या दलातल्या माणसांसमोर, ज्यांतल्या अनेकांच्या घरात पोलीस असतात, दुसऱ्या दिवशी ड्युटीवर हजर होताना कायद्याचा तो निकाल किती कामाला येतो?

मला या प्रकरणात दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटतात. एक, रायनच्या मॉडेलचा कच्चा दुवा इथे दिसला. लेबल नसल्यामुळे कलेवर कुणाचा दाब नव्हता. पण ज्या नोकरीने ही मोकळीक दिली तिच्याच बाजूने दाब आला. अंकुश हटला नव्हता, त्याची जागा बदलली होती. दोन, लेबलवाल्या कलाकाराकडे अशा वेळी जनसंपर्कवाले, वकील असतात. रायनकडे तेव्हा त्याची गाणीच होती. ती नीट ऐकलेल्या कुणालाही कळतं की तिथे बोलणारा माणूस ब्राउन्सव्हिलमधला भेदरलेला मुलगा आहे, आणि पोलिसांइतकाच आपल्या गल्लीतल्या बंदूकवाल्यांबद्दलही तो बोलतो. पण पहिलं पान वाचणारा अल्बम ऐकायला जात नाही.

जे ‘एकट्याने केलं’ म्हणून सांगितलं जातं

रायनची बायको मिमी वाल्डेस ही ‘व्हाइब’ या हिप-हॉपच्या मोठ्या मासिकाची माजी संपादक, पुढे चित्रपटनिर्मितीत. म्हणजे घरात दोन मिळवती माणसं, आणि त्यातलं एक या उद्योगाची आतली यंत्रणा जाणणारं. शिवाय जीझा, रॉक मार्सियानो, प्रिझर्वेशन, अ‍ॅनिमॉस. हे सांगितल्याने रायनचं काम कमी होत नाही. पण नुसती जिद्द बघून कुणी नोकरी किंवा शिक्षण सोडत असेल तर त्याने हा भागही बघावा. आणि वयही बघावं. ‘ग्रीफ पेडिग्री’च्या वेळी रायन एकोणचाळीस वर्षांचा होता. बावीस वर्षांच्या पोराला याच मार्गाने जायचं तर पंधरा-सोळा वर्षं जवळजवळ कुणी ऐकणार नाही, हे आधी पचवावं लागेल.

2021 चा ‘अ मार्टर्स रिवॉर्ड’ आणि 2022 मध्ये जोडीने आलेले दोन छोटे अल्बम यांवरून मी इथे भरभर पुढे जातो. ते चांगले आहेत, पण प्रकरणात नवीन काही आणत नाहीत. ऑगस्ट 2024 मधला ‘द थीफ नेक्स्ट टू जीझस’ आणतो. गॉस्पेलच्या, म्हणजे चर्चमधल्या भक्तिगीतांच्या, जुन्या तुकड्यांवर रचलेल्या या अल्बममध्ये त्याने कृष्णवर्णीय समाजाच्या चर्चवरच्या श्रद्धेलाच उलटतपासणीला उभं केलं. आपल्या आईवडिलांच्या देवाला प्रश्न विचारणं, तेही त्याच देवाच्या गाण्यांच्या सुरावर. हा विषय कुठल्या लेबलच्या बैठकीत मंजूर झाला असता असं मला वाटत नाही.

12 ऑक्टोबर 2024 ला रायन गेला. वय 52. अमेरिकन कायद्याप्रमाणे लेखकाच्या मृत्यूनंतर सत्तर वर्षं कॉपीराइट टिकतो, म्हणजे त्याच्या शब्दांवरचा हक्क 2094 च्या अखेरपर्यंत. लेबल नसल्याचा फायदा असा की कुण्या कंपनीच्या तिजोरीत त्याचं काम अडकलेलं नाही. तोटा असा की अशा एकट्याच्या दुकानात संकेतस्थळ चालवणं, प्रती छापून घेणं, पत्रांना उत्तरं देणं हे सगळं एकाच माणसाच्या डोक्यात असतं.

मराठीत आज स्वतःच्या पैशाने गाणी काढणाऱ्या बऱ्याच पोरापोरींच्या बाबतीत हीच स्थिती आहे. मास्टर फायली एका लॅपटॉपवर, वितरकाच्या खात्याचा पासवर्ड एकाच्या फोनमध्ये, बीट बनवणाऱ्या मित्राशी वाट्याचं बोलणं तोंडी. आपल्याकडे शब्द आणि चालीवरचा हक्क मृत्यूनंतर साठ वर्षं राहतो, पण तो नेमका कुणाचा हे कागदावर नसेल तर त्याचा उपयोग करणार कोण? बीटवाल्याशी एक पानाचा लेखी करार, आयपीआरएसचं (गीतकार-संगीतकारांसाठी रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचं) सभासदत्व आणि तिथे वारसाचं नाव, फायलींची दुसरी प्रत घरातल्या कुणाकडे. यातला करार आणि फायलींची प्रत ही कामं पहिलं गाणं काढण्याआधी एका सुट्टीच्या दिवसात उरकता येतात. सभासदत्वाला मात्र थोडा वेळ लागतो.